साक्षी ठोकळा

काँक्रीट कसं निघालं हे सांगायला ज्योतिषी लागत नाही, अठ्ठावीस दिवस लागतात. ओला माल लोखंडी साच्यात भरायचा, दुसऱ्या दिवशी साचा सोडायचा, आतून निघालेला जेमतेम वीतभर ठोकळा पाण्याच्या टाकीत बुडवून ठेवायचा आणि अठ्ठाविसाव्या दिवशी बाहेर काढून दाबयंत्रात फोडायचा. किती टनांना फुटला तो आकडा लिहून घ्यायचा. ताई गेली वीस वर्षं हेच करत होती. प्रयोगशाळा म्हटलं की लोकांना काचेच्या नळ्या आणि रंगीत पाणी आठवतं. हिच्या प्रयोगशाळेत पत्र्याची लांबलचक शेड होती, सहा टाक्या होत्या आणि जिथं हात लावाल तिथं पांढरी धूळ होती.

माणसं तीन. पहिले साहेब. पुराव्याशिवाय त्यांना बाहेर पाऊस पडतोय हेसुद्धा पटायचं नाही. दुसरा दाबयंत्र चालवणारा, ज्याला सगळे फोड्या म्हणत. पन्नाशीचा गडी, हाडापेरानं दणकट आणि बेरजेत कच्चा. तिसरी ताई. तिच्या उजव्या अंगठ्यावर आडवा व्रण होता. साच्याच्या धारेनं कधीकाळी कापलं होतं, तो.

फोड्याच्या बेरजेपायी तिथं एक नियम झाला होता. त्यानं एकदा एका पुलाचे ठोकळे सव्विसाव्या दिवशीच फोडले आणि वर विचारलं, "दोन दिवसांनी काय आभाळ कोसळतंय?" साहेबांना ते आभाळ सहा महिने पत्रांनी सावरावं लागलं. तेव्हापासून ठोकळ्यावर भरल्याची तारीख कोरायची नाही, फोडायची कोरायची. आकडेमोड ताईनं करायची आणि ओल्या मालावर खिळ्यानं तारीख काढायची. फोड्यानं सकाळी आल्या आल्या टाकीत डोकावायचं, आजची तारीख दिसेल तो ठोकळा उचलायचा आणि फोडायचा. पंधरा वर्षांत पुन्हा चूक झाली नाही.

दुसरा रिवाज त्याहून जुना. प्रत्येक मालातून एक ठोकळा जास्तीचा भरायचा. कुणी शंका काढलीच तर दाखवायला. त्याला साक्षी म्हणत.

कपाट आलं ते या साक्षीमुळे.

दोन माणसांच्या लिफ्टएवढं होतं ते. करडा पत्रा, दाराला रबरी कडा आणि दारात जाड काचेची गोल खिडकी. बाहेर एकच तबकडी आणि तिच्यावर एकच काटा. घेऊन येणारा माणूस बारीक आवाजाचा होता आणि त्याची नखं इतकी स्वच्छ होती की फोड्यानं आपले हात मागे घेतले. वरून परवानगीचं पत्र होतं, तेव्हा साहेबांना नाही म्हणता येईना.

"काटा मधोमध असला की आत-बाहेर सारखंच," कपाटवाला म्हणाला. "उजवीकडे पूर्ण फिरवलात तर बाहेर एक तास होईल तेवढ्यात आत अठ्ठावीस दिवस होतील. डावीकडे फिरवलात तर उलट."

"म्हणजे आत गरम वाफ सोडता," साहेब म्हणाले.

"वाफ नाही."

"मग काय सोडता?"

"सोडत काहीच नाही. वेळच कमी-जास्त होतो." तो हे असं म्हणाला, जसं नळवाला म्हणतो की पाणी चार वाजता येतं. "अट एकच. जे आत ठेवाल त्यातलंच थोडं बाहेर राहिलं पाहिजे. तुमच्याकडे साक्षी ठेवतात असं कळलं, म्हणून इथं आलो."

"आणि नाही ठेवला तर?"

"काटा थांबणार नाही."

तीन महिन्यांनी परत येतो म्हणून तो निघून गेला. साहेब त्याच्या पाठीकडे बघत म्हणाले, "डोक्यानं गेलेला आहे."

पण तपासल्याशिवाय तसं लिहायचं कसं? ताईनं एका मालाचे दोन ठोकळे घेतले. एक टाकीत सोडला, एक पाण्याच्या परातीसकट कपाटात ठेवला आणि काटा उजवीकडे नेला. तिनं खिडकीतून पाहिलं. परातीतलं पाणी डोळ्यांदेखत खाली चाललं होतं, कुणी नळीनं ओढून घ्यावं तसं. तिनं दर दहा मिनिटांनी काटा मध्ये आणून पाणी भरलं. तासाभरानं ठोकळा बाहेर काढला तेव्हा तो पुरा मुरलेला होता आणि त्याच्या कडेला शेवाळाची हिरवी रेघ आली होती. एकसष्ट टन चारशे किलोंना फुटला. भेग वरच्या डाव्या कोपऱ्यातून निघून मध्यावर दुभंगली होती.

टाकीतला साक्षी त्याच्या वेळेनं, अठ्ठावीस दिवसांनी निघाला. फोड्यानं तो यंत्रात घातला. एकसष्ट टन चारशे. भेग वरच्या डाव्या कोपऱ्यातून निघाली आणि मध्यावर दुभंगली.

फोड्या यंत्रापासून एक पाऊल मागे सरला. "ताई, हा ठोकळा मी आधी फोडलाय."

"योगायोग," साहेब म्हणाले. एकाच दिवशी पाच जोड्या भरल्या होत्या, त्यामुळे त्या दिवशी ते पाच वेळा योगायोग म्हणाले. पाचव्यांदा त्यांचा आवाज निघाला नाही, नुसते ओठ हलले.

मग ताईनं काटा डावीकडे नेऊन पाहिला. ओल्या मालाचा साचा आत, त्याचा साक्षी बाहेर. साचा ठेवताना तिच्या हातातल्या ओल्या रुमालातून पाणी निथळत होतं. तो आतच वरच्या खिळ्याला अडकवून तिनं दार लावलं आणि खिडकीला डोळा लावला. रुमालाच्या टोकाला थेंब होता. तो सुटला, आणि हवेत राहिला. राहिला म्हणजे अगदी थांबला नव्हता. बारकाईनं बघितलं की खाली येताना दिसत होता. वर गोल, खाली किंचित चपटा आणि त्याच्या पोटात खिडकीचं उलटं चित्र. त्या चित्रात एक इवलंसं तोंड होतं, ते तिचंच. फरशीला टेकायला त्या थेंबाला सहा मिनिटं लागली. मग त्यातून पाण्याचा एक मुकुट वर उठला आणि तितक्याच सावकाश मिटला. ताईचे डोळे भरून आले. का, ते तिला सांगता आलं नसतं. वीस वर्षं ती दिवस मोजत होती. दिवस आतून असा दिसत असेल हे तिला कुणी सांगितलं नव्हतं.

या साक्षीवर ताईनं मुद्दाम सातच दिवसांनंतरची तारीख कोरली होती. त्या दिवशी फोड्यानं तो नेहमीसारखा फोडला आणि ताईनं कपाट उघडलं. आतला माल अजून ओला, आत्ता थापल्यासारखा चकचकीत. पण त्या ओल्या मालावर एक भेग होती, साक्षीवर होती तशीच. ताईनं थापी फिरवली. भेग बुजली. थापी उचलली, की पुन्हा दिसायला लागली. चिखलात भेग राहत नसते, हे कुठल्याही गवंड्याला विचारा. तिनं चारदा थापी फिरवली आणि मग साचा तसाच रिकामा करून टाकला.

"हे लिहू नका," साहेब म्हणाले. त्यांच्या उभ्या नोकरीत हे वाक्य त्यांनी पहिल्यांदा उच्चारलं असेल.

ताईच्या घरी ती आणि बाबा, दोघंच. बाबा गवंडी होते. आयुष्यभर दुसऱ्यांची घरं बांधली आणि स्वतः भाड्याच्या दोन खोल्यांत राहिले, पण त्याचं त्यांना काही नव्हतं. शाळेचं तोंड पाहिलेलं नव्हतं. कुणी अंगठाबहाद्दर म्हटलं तर छाती काढून म्हणायचे, "आहेच." आणि खरंच, त्यांनी घातलेल्या प्रत्येक स्लॅबच्या कोपऱ्यात, कुणाला दिसणार नाही अशा जागी, ते ओल्या मालावर आपला अंगठा उठवायचे. "ज्यानं हात लावला तो त्यात राहतो," असं त्यांचं म्हणणं. ताई लहानपणी ते ठसे शोधत फिरायची.

आता त्यांना जिना चढताना तीनदा थांबावं लागत होतं. हृदयाची झडप निकामी झाली होती. ती बदलायला हवी, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या. ते करणारे सर्जन एकच होते आणि त्यांची तारीख चार आठवड्यांनंतरची होती.

"तोवर?" ताईनं विचारलं.

डॉक्टरीणबाईंनी बाबा खोलीबाहेर गेल्याची खात्री करून घेतली. "खरं सांगू? दोन आठवडे निघाले तरी मला आश्चर्य वाटेल."

ताई घरी आली, स्वयंपाक केला, भांडी घासली. मग तिला एकदम कळलं की आपण हातातली ताटली अर्धा तास धरून उभ्या आहोत. चार आठवडे म्हणजे अठ्ठावीस दिवस.

साहेब ऐकेनात. "माणूस आहे तो. ठोकळा नाही."

"ठोकळ्याला हवी ती तारीख मिळते, साहेब. माझ्या बाबांना मिळत नाहीये."

साहेबांनी चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसला. मग कपाटाची किल्ली टेबलावर ठेवली आणि खिडकीबाहेर बघत बसले.

बाबांना समजवायला काहीच कष्ट पडले नाहीत. त्यांनी कपाटाला बाहेरून एक फेरी मारली, पत्र्यावर बोट वाजवलं.

"आत काय आहे?"

"खुर्ची ठेवलीय. बसून राहायचं."

"किती वेळ?"

"तुमचा एक तास. आमचे अठ्ठावीस दिवस."

"म्हणजे अठ्ठावीस दिवस तुझी कटकट नाही. चल, दार उघड."

पण काटा थांबेना. माणसाचा साक्षी कुठून आणायचा? ताईनं त्यांचे केस बाहेर ठेवले, कापलेली नखं ठेवली, अंगातला सदरा ठेवला. दार लावून काटा डावीकडे नेला की तो आपला सावकाश मधोमध परत यायचा. बाबा आतून खिडकीत येऊन 'काय झालं?' अशी मान उडवायचे. चौथ्यांदा तिचा धीर सुटला. ती टाकीच्या कठड्यावर बसून रडायला लागली.

बाबा बाहेर आले. धाप लागलेली, ओठ निळसर. शेजारी त्या सकाळच्या मालाचा भरलेला साचा होता. त्यांनी सवयीनं त्यात बोट घालून पाहिलं.

"पाणी कमी पडलंय यात," ते म्हणाले. "आणि रडतेस कशाला, पोरी? साक्ष पाहिजे ना? जन्मभर दिली तशी देतो."

त्यांनी वरून हात फिरवून माल सारखा केला आणि मधोमध अंगठा दाबला. अगदी पेरापर्यंत. मग हात पुसून आत जाऊन बसले.

काटा डावीकडे गेला आणि तिथंच राहिला.

ताईनं डोळे पुसले. समोर ओला ठोकळा होता, हातात खिळा होता. वीस वर्षांच्या सवयीनं तिनं अंगठ्याच्या ठशाखाली तारीख कोरली. बाबा बाहेर यायची तारीख.

त्यानंतरचे दिवस त्या शेडमधला कुणीच विसरला नाही.

बाबांचा एक श्वास पाऊण तासाचा होता. सकाळी ताई आली की छाती वर जायला लागलेली असायची. ती चार साचे भरून यायची, तेव्हा छाती भरलेली असायची. आणखी चार भरून यायची, तेव्हा ती खाली आलेली असायची. एक पापणी मिटून उघडायला तीन-चार मिनिटं. पापणी उतरायची, डोळा झाकायचा, तिच्या मनात नको ते यायचं आणि मग खालून हळूच बुबुळ उगवायचं. तिसऱ्या दिवशी सकाळी बाबा हात उचलताना दिसले. चहा उकळून होईपर्यंत तो खांद्यापर्यंत आला. सगळ्यांना वाटलं काही दुखतंय. मग फोड्याच्या लक्षात आलं. "अहो, टाटा करतायत ते!" तिघंही खिडकीसमोर उभे राहून हात हलवत राहिले, बाबांना दिसणार नाही इतक्या घाईचे त्यांचे हात.

दुपारी दाराला कान लावला की फरशीतून एक गुरगुर ऐकू यायची. लांबून मोठी गाडी जावी तशी, पण न संपणारी. ताईनं ती आठवडाभर ऐकली आणि मग तिला उमगलं. बाबा गुणगुणत होते. भिंत बांधताना गुणगुणायचे तेच.

साहेब रोज खुर्ची आणून कपाटासमोर बसायचे. हातात चहा. तो प्यायचं विसरून जायचे. एकदा ताईला हळूच म्हणाले, "आयुष्यभर मी आकडे बघितले. श्वास असा कधी बघितला नव्हता." पुरावा मागायची त्यांची सवय त्या महिन्यात सुटली ती सुटलीच.

रोज जाताना ताई टाकीत डोकावायची. इतर ठोकळ्यांमध्ये तो पाण्याखाली बसलेला असायचा, वरच्या बाजूला बाबांचा अंगठा, त्याखाली तारीख. ती तारीख वाचून तिला धीर यायचा. आता पंधरा दिवस. आता नऊ. आता दोन. फोड्यालाही तो ठोकळा दिसत होता. बाबा आत गेले त्या दिवशी तो रजेवर होता, त्यामुळे त्याच्यासाठी तो कुणीतरी निष्काळजीपणानं बोट लावलेला ठोकळा होता, इतकंच. त्याला सांगायला हवं, हे वीस वर्षं एकाच शेडमध्ये काम करणाऱ्या बाईच्या मनातसुद्धा आलं नाही. तारीख तर समोर कोरलेली होती.

अठ्ठाविसाव्या दिवशी ताई सकाळी आधी इस्पितळात गेली. खाट तयार होती, सर्जन आले होते, दहाची वेळ पक्की होती. रुग्णवाहिका घेऊन ती पावणेनऊला शेडपाशी उतरली.

आत दाबयंत्राचा पंप चालू होता.

रोजचाच आवाज. ती दोन पावलं चालली आणि जागीच थांबली.

आज काय तारीख?

ती धावली. फोड्या यंत्रापाशी एकटाच उभा होता, तोंडात बडीशेप. दोन लोखंडी पाट्यांच्या मधे ठोकळा होता. त्यावर अंगठा.

काटा एकतीस टनांवर. बत्तीस.

"बंद कर!"

"आं?"

तेहेतीस.

तिनंच झडप घालून दाब सोडला. वरची पाटी उचलायची तिला वाट बघवेना. तिनं दोन्ही हात आत घातले आणि ठोकळा ओढून घेतला. उजव्या अंगठ्याचं कातडं सोलून ठोकळ्याला चिकटलं. आठ किलोंचा तो दगड तिनं पोटाशी धरला, तान्ह्या मुलासारखा.

त्यावर केसाएवढी एक भेग होती. ठशाला घासून गेलेली.

"ताई, आजचीच तारीख होती हो," फोड्या म्हणत होता. "आजचीच होती."

तिनं कपाटाचा काटा मधे आणला. दार उघडलं.

बाबा खुर्चीत बसलेले. गुणगुणणं थांबलं होतं. एक हात छातीवर.

"झाला तास?" ते म्हणाले.

"बाबा, दुखतंय काही?"

"आत्ता जरा चमकलं. जात्यात सापडल्यासारखं वाटलं." त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "आणि तू कशी गं एवढी वाळलीस तासाभरात?"

ऑपरेशन साडेपाच तास चाललं. सर्जन बाहेर आले तेव्हा घामानं भिजले होते, पण हसत होते. झडप बसली होती. "तुमच्या वडिलांच्या छातीचं हाड मात्र कमाल आहे," ते म्हणाले. "करवतीची दोन पाती गेली. त्यांना कधी छातीला मार लागला होता का? हाडावर एक बारीक रेघ आहे. जुनी असणार, अगदी भरून आलीय."

त्या संध्याकाळी बाबांना शुद्ध आली. ती त्यांचा उजवा हात हातात घेऊन बसली होती. कोरडा, ऊबदार, ओळखीचा हात. फक्त अंगठा गार होता. पांढरा पडलेला, सुरकुतलेला. खूप वेळ पाण्यात राहिला की होतो तसा.

कपाटवाला ठरल्या दिवशी आला. त्यानं सगळ्या नोंदी वाचल्या आणि न लिहिलेल्यासुद्धा वाचल्यासारखा ताईकडे बघत राहिला.

"डावीकडच्या शेवटच्या प्रयोगाचा साक्षी फोडलात?"

"नाही."

"कुठं आहे?"

"आहे."

त्यानं स्वच्छ नखांची बोटं एकमेकांत गुंतवली. "साक्षी फुटेपर्यंत तो तास संपत नाही," तो म्हणाला. ओरडला नाही, घाबरवलंही नाही.

"मग काय करू?"

"पाण्यात ठेवा." तो उठला. "काँक्रीट पाण्यात म्हातारं होत नाही, हे तुम्हाला मी काय सांगणार?"

कपाट गाडीत चढवलं गेलं. त्याच्या जागी शेडच्या फरशीवर एक चौकोन उरला, ज्यावर पुढं कधीच धूळ बसली नाही. फोड्या तो ओलांडून जात नसे, वळसा घालून जाई.

याला आता अकरा वर्षं झाली.

साहेब निवृत्त झाले आणि एका दुपारी आरामखुर्चीत शांतपणे गेले. फोड्यानं काम सोडलं. बाबा आता त्र्याऐंशी वर्षांचे आहेत आणि तीन जिने न थांबता चढतात. शेजारपाजारचे त्यांना ताईचे मोठे भाऊ समजतात तेव्हा त्यांना फार गंमत वाटते. ठोकळा गॅलरीत निळ्या बादलीत असतो. दर रविवारी ताई पाणी बदलते. भेग पहिल्या दोन वर्षांतच पांढऱ्या क्षारानं भरून आली. बाबांचा अंगठा तसाच आहे, ओला असल्यासारखा. ते म्हणतात, "चुन्यात जन्म गेला, एवढं चालायचंच."

एकदाच ती चार दिवस बाहेरगावी गेली होती. उन्हाळा होता. परत आली तर बादलीतलं पाणी ठोकळ्याच्या खाली गेलेलं. आत बाबा टेबलाशी बसून रेडिओ ऐकत होते. उजवा अंगठा पाण्याच्या पेल्यात बुडवलेला होता आणि तो का, हे त्यांना सांगता येईना. "बरं वाटतं," एवढंच म्हणाले. ताईनं त्यानंतर घर सोडलं नाही.

तिला कधी कधी भीती वाटायची. बाबांची नाही. आपण गेलो तर पाणी कोण बदलेल, याची. अशा वेळी तिला तोच घोर लागायचा. कुणाला सांगायचं आणि काय सांगायचं?

ठशाच्या शेजारी डाग होता, तो तिनं बरीच वर्षं बघितला होता. यंत्राचं तेल असेल, असं तिला वाटायचं. तीनेक वर्षांपूर्वी तो घासून पाहिला तेव्हा बोटाला तिथं किंचित खोलगट लागलं. पाण्यानं झिजला असेल म्हणून तिनं सोडून दिलं. गेल्या वर्षी आरसा पुसताना तिच्या लक्षात आलं की आपले केस दहा वर्षांपूर्वी पिकले होते तेवढेच पिकलेले आहेत. त्याचाही तिनं फार विचार केला नाही. बायकांच्या बाबतीत लोक अशा गोष्टीला नशीब म्हणतात.

काल रविवार नव्हता. बाबांनाच हुक्की आली. सकाळी उन्हात बसून त्यांनी ठोकळा बादलीतून उचलला, मांडीवर घेतला आणि जुन्या ओळखीच्या माणसाच्या तोंडावरून फिरवावा तसा त्यावरून हात फिरवला. त्यांचा हात मधेच थांबला.

"पोरी," त्यांनी हाक मारली, "इकडे ये बघू."

ती चहा गाळत होती. तशीच आली.

बाबांच्या ठशाला लागून दुसरा ठसा होता. लहान, तितकाच खोल, पेरापर्यंत. दगड झालेल्या मालात कडा अशा स्वच्छ, की जणू आत्ता उठवलाय. आणि त्याच्या मधोमध एक आडवी रेघ होती.

"मी तर एकच उठवला होता," बाबा म्हणाले.

ताईनं हात पदराआड घेतला. गुरुवारपासून तिनं पाण्यात हात घातला नव्हता. बोटाला भाजलं होतं म्हणून भांडी बाबांनीच घासली होती. पदराच्या आत तिनं अंगठ्यावरून बोट फिरवलं. कातडी गार होती, मऊ आणि सुरकुतलेली. पदराला ओल आली होती.